हळदीची कढई आणि उष्णतेचा हिशेब
(उच्च प्राथमिक वर्गांच्या विज्ञान शिक्षकांसाठी पाठमार्गदर्शन)

पाठाचे प्रयोजन

इयत्ता आठवीच्या सामान्य विज्ञानात उष्णतेच्या मापनाचा भाग येतो. पुष्कळ वर्गांत या भागाचा आरंभ सूत्रानेच होतो. शिक्षक फळ्यावर सूत्र लिहितात, विद्यार्थी ते पाठ करतात, दिलेले आकडे योग्य जागी घालून गुणाकार करतात आणि उत्तर बरोबर येते. परंतु “हे जे उत्तर आले ते कशाचे?” असा साधा प्रश्न केला असता वर्ग निरुत्तर होतो. गणित सुटले, पण विज्ञान शिकविले गेले नाही, अशी ही स्थिती आहे. ती टाळावयाची असेल तर सूत्र शेवटी आले पाहिजे. ते ज्या अनुभवांतून निघाले ते अनुभव आधी वर्गापुढे आले पाहिजेत.

हिंगोली जिल्ह्यातील विद्यार्थ्यांना या बाबतीत मोठी अनुकूलता आहे. येथे उष्णतेचा हिशेब घराघरांत होतो. वसमत, कळमनुरी, औंढा नागनाथ, सेनगाव व हिंगोली या पाचही तालुक्यांत हळदीचे पीक परिचित असून वसमत हळदीस २०२४ साली भौगोलिक मानांकनही प्राप्त झाले आहे. हळद निघाली की ती शिजविण्याचे काम सुरू होते. ओली हळद किती, सरपण किती लागेल, एका दिवसात किती खेपा होतील, याचा अंदाज प्रत्येक शेतकरी अनुभवाने बांधीत असतो. तोच अंदाज आकड्यांत कसा मांडावा हे त्याच्या मुलास शाळेत शिकता आले, तर त्या पाठाचा उपयोग परीक्षेनंतरही राहील. सरपण म्हणजे तोडलेले झाड आणि खर्च झालेला पैसा होय. म्हणून हा हिशेब क्षुल्लक मानू नये.

पुढील विवेचन दोन तासिकांचा पाठ डोळ्यांसमोर ठेवून केले आहे.

तापमान आणि उष्णता

प्रथम या दोन शब्दांतील भेद स्पष्ट करावा. विद्यार्थ्यांना विचारावे : “एक पेला उकळते पाणी आणि एक घंगाळ कोमट पाणी, यांपैकी अधिक गरम कोणते?” उत्तर तत्काळ येईल : पेल्यातील. मग दुसरा प्रश्न करावा : “अधिक सरपण कशास लागले?” येथे विद्यार्थी थांबतील. सरपण घंगाळास अधिक लागले आहे हे त्यांच्या ध्यानात येईल आणि गरमपणा व उष्णता या दोन गोष्टी वेगळ्या आहेत हा विचार त्यांच्या मनात आपोआप उभा राहील.

पदार्थ किती गरम आहे हे तापमान सांगते व ते तापमापीने मोजतात. अधिक तापलेल्या पदार्थाकडून कमी तापलेल्या पदार्थाकडे जी ऊर्जा वाहते ती उष्णता होय. दिवाळीतील फुलबाजीच्या ठिणगीचे तापमान उकळत्या पाण्याच्या अनेक पटींनी अधिक असते, तरी ती हातावर पडून विझली तर क्वचितच इजा होते. कारण तिचे वस्तुमान अत्यल्प असते. उलट उकळत्या पाण्याचा एक तांब्या अंगावर सांडला तर जिवावर बेतते. हा दाखला विद्यार्थ्यांच्या चांगला स्मरणात राहतो.

उष्णता मोजण्याचे जुने व सोयीचे एकक कॅलरी हे आहे. एक ग्रॅम पाण्याचे तापमान १४.५ अंशांपासून १५.५ अंश सेल्सिअसपर्यंत वाढविण्यास जी उष्णता लागते तिला एक कॅलरी म्हणतात. एक हजार कॅलरी म्हणजे एक किलोकॅलरी. उष्णता ही ऊर्जाच आहे हे इंग्लंडमधील मँचेस्टरचे जेम्स ज्यूल यांनी १८४० नंतरच्या दशकात प्रयोगांनी दाखविले. खाली येणाऱ्या वजनांच्या साहाय्याने पाण्यात वल्ही फिरवून पाणी किती तापते हे त्यांनी मोजले. त्यांच्या नावाचे ज्यूल हे एकक १९४८ साली आंतरराष्ट्रीय परिषदेने उष्णतेसाठीही स्वीकारले. एक कॅलरी म्हणजे सुमारे ४.१८ ज्यूल. विद्यार्थ्यांनी दोन्ही एकके जाणावीत. परंतु आरंभी कॅलरी घ्यावी, कारण तीत पाण्याचा हिशेब तोंडी करता येतो.

विशिष्ट उष्मा

समान वस्तुमानाच्या निरनिराळ्या पदार्थांस सारखीच उष्णता दिली असता त्यांचे तापमान सारखे वाढते काय? हा या पाठाचा मध्यवर्ती प्रश्न होय.

दोन सारख्या पातळ भांड्यांत एकात २०० ग्रॅम पाणी व दुसऱ्यात २०० ग्रॅम शेंगदाण्याचे तेल घ्यावे. एकाच स्टोव्हवर, तीच ज्योत ठेवून, प्रत्येक भांडे दोन-दोन मिनिटे तापवावे व ढवळून तापमान पाहावे. तेलाचे तापमान पाण्याच्या तुलनेत जवळजवळ दुप्पट वाढलेले दिसेल. हा प्रयोग शिक्षकांनी स्वतः करावा. विद्यार्थ्यांनी फक्त तापमापी वाचावी. तेल अधिक तापवू नये.

अठराव्या शतकात स्कॉटलंडमधील ग्लासगो येथे जोसेफ ब्लॅक यांनी याच प्रश्नाचा विचार केला. पारा पाण्याहून साडेतेरापट जड आहे. तेव्हा सारख्याच आकारमानाच्या पाऱ्यास तापविण्यास पाण्याहून पुष्कळ अधिक उष्णता लागली पाहिजे, असा त्या काळचा तर्क होता. परंतु गरम व थंड पारा-पाण्याच्या मिश्रणाचे प्रयोग पाहता पाऱ्यास उलट कमीच उष्णता लागते असे दिसले. यावरून प्रत्येक पदार्थाची उष्णता सामावून घेण्याची शक्ती निराळी असून ती त्याच्या जडपणावर अवलंबून नाही, असा निष्कर्ष ब्लॅक यांनी काढला. पुढे १७८२-८३ च्या हिवाळ्यात फ्रान्समध्ये लाव्हाझिए व लाप्लास यांनी बर्फ किती वितळतो हे मोजून अनेक पदार्थांची ही शक्ती आकड्यांत मांडली.

एक ग्रॅम पदार्थाचे तापमान एक अंश सेल्सिअसने वाढविण्यास लागणारी उष्णता म्हणजे त्या पदार्थाचा विशिष्ट उष्मा होय. पुढील कोष्टक फळ्यावर लिहून ठेवावे. आकडे दर ग्रॅमला, दर अंशाला कॅलरीत असून व्यवहारापुरते गोल केले आहेत.

पाणी : १.००
बर्फ : ०.५०
खाद्यतेल : सुमारे ०.५०
ॲल्युमिनियम : ०.२१
कोरडी माती : सुमारे ०.२०
लोखंड : ०.११
तांबे : ०.०९
पारा : ०.०३

या कोष्टकाकडे पाहून विद्यार्थ्यांनी स्वतःच सांगावे की, नेहमीच्या पदार्थांत पाणी सर्वांत सावकाश तापणारे व सर्वांत सावकाश निवणारे आहे.

सूत्राची उभारणी

आता सूत्र आयते न देता तीन पायऱ्यांनी उभारावे.

पहिली पायरी : एक ग्रॅम लोखंड एक अंशाने तापविण्यास ०.११ कॅलरी लागते. दुसरी पायरी : ५०० ग्रॅम लोखंड एक अंशाने तापविण्यास ५०० × ०.११ म्हणजे ५५ कॅलरी लागतात. तिसरी पायरी : तेच लोखंड ३० अंशांपासून १०० अंशांपर्यंत, म्हणजे ७० अंशांनी, तापविण्यास ५५ × ७० म्हणजे ३,८५० कॅलरी लागतात. यावरून विद्यार्थीच म्हणतील :

उष्णता = वस्तुमान × विशिष्ट उष्मा × तापमानातील फरक

पदार्थ निवत असेल तर हेच सूत्र त्याने बाहेर टाकलेली उष्णता सांगते. गरम व थंड पदार्थ एकत्र आले आणि उष्णता बाहेर जाऊ दिली नाही, तर गरम पदार्थाने गमावलेली उष्णता थंड पदार्थाने मिळविलेल्या उष्णतेइतकी असते. यास उष्णता विनिमयाचे तत्त्व म्हणतात. व्यवहारात जमाखर्चाची वही जुळावी लागते तसेच हे आहे, असे सांगितल्यास मुलांस चटकन कळते.

हे सूत्र पदार्थाची अवस्था बदलत नाही तोवरच लागू आहे. पाण्याची वाफ होऊ लागली की उष्णता खर्च होते, पण तापमान वाढत नाही. त्या उष्णतेस अप्रकट उष्मा म्हणतात. उकळत्या पाण्याच्या एका ग्रॅमची वाफ होण्यास सुमारे ५४० कॅलरी लागतात. हा आकडा पुढे हळदीच्या हिशेबात लागणार आहे.

लोखंडाचा विशिष्ट उष्मा शोधण्याचा प्रयोग

साहित्य : लोखंडी नटबोल्ट २०० ग्रॅम, ॲल्युमिनियमचा पेला, पाणी, प्रयोगशाळेतील तापमापी, दोरा, तागाचे कापड, स्टोव्ह. शाळेत तराजू नसल्यास वजन किराणा दुकानात करून आणावे. ताप पाहण्याची तापमापी या कामी कदापि वापरू नये. ती गरम पाण्यात फुटते.

कृती : पेल्याभोवती तागाचे कापड गुंडाळावे. पेल्यात २०० ग्रॅम पाणी घेऊन त्याचे तापमान लिहावे. नटबोल्ट दोऱ्यात ओवून उकळत्या पाण्यात दहा मिनिटे ठेवावेत. त्या पाण्याचे तापमान मोजावे. हिंगोली समुद्रसपाटीपासून सुमारे साडेचारशे मीटर उंचीवर असल्यामुळे येथे पाणी १०० अंशांच्या किंचित खालीच उकळते; म्हणून पुस्तकातील १०० हा आकडा न घेता प्रत्यक्ष वाचन घ्यावे. नटबोल्ट बाहेर काढून, झटकून, तत्काळ पेल्यात सोडावेत. पाणी ढवळून त्याचे सर्वांत अधिक तापमान लिहावे.

समजा, पेल्यातील पाणी ३० अंश, लोखंड ९८ अंश आणि मिश्रणाचे तापमान ३६.५ अंश आले. पाण्याने मिळविलेली उष्णता २०० × १ × ६.५ = १,३०० कॅलरी. लोखंड ९८ वरून ३६.५ पर्यंत, म्हणजे ६१.५ अंशांनी निवाले. १,३०० भागिले (२०० × ६१.५) केले असता ०.१०६ हे उत्तर येते.

येथे एखादा विद्यार्थी विचारील की, पुस्तकात ०.११ असता आपले उत्तर कमी का? हा प्रश्न म्हणजे पाठाचे यश समजावे आणि त्याचे उत्तर हिशेबानेच द्यावे. पेलाही तापला, ते आपण धरलेच नाही. पेल्याचे वस्तुमान ५० ग्रॅम असेल तर त्याने ५० × ०.२१ × ६.५, म्हणजे सुमारे ६८ कॅलरी घेतल्या. एकूण १,३६८ कॅलरी झाल्या आणि उत्तर ०.१११ आले. वही जुळली.

दुसरी चूक उलट दिशेची असते. नटबोल्ट नीट झटकले नाहीत आणि त्यांजबरोबर केवळ दोन ग्रॅम कढत पाणी आले, तर ते पाणी २ × ६१.५ = १२३ कॅलरी आणते. २०० ग्रॅम लोखंडाने दिलेल्या उष्णतेच्या मानाने ही जवळजवळ दशांश चूक झाली. दोन ग्रॅम पाण्याने एवढा फरक पडतो, यावरून पाण्याच्या विशिष्ट उष्म्याचे मोठेपण मुलांच्या मनावर जितके ठसते तितके व्याख्येने ठसत नाही. उत्तर पुस्तकाप्रमाणे यावे म्हणून वाचने कोणी बदलू नयेत, हेही याच वेळी सांगावे. खरे वाचन व चुकीचे कारण लिहिणाऱ्यास पूर्ण गुण द्यावेत.

हळदीचा हिशेब

आता दुसऱ्या तासिकेत उपयोजनाकडे वळावे. हळद का शिजवितात, हे विद्यार्थ्यांकडूनच काढून घ्यावे. शिजविल्याने कंद पुन्हा फुटत नाही, कच्चा उग्र वास जातो, आतील पिठूळ भाग शिजून रंग सर्वत्र सारखा पसरतो आणि हळद लवकर वाळते. कढईत पाणी उकळून फेस येतो, विशिष्ट वास सुटतो व काडी हळकुंडात सहज शिरते, तेव्हा हळद शिजली असे जाणकार मानतात. जेठे गड्डे व हळकुंडे निरनिराळी शिजवितात. कारण जाड गड्ड्याच्या गाभ्यापर्यंत उष्णता पोचण्यास अधिक वेळ लागतो.

ओल्या हळदीत साधारणपणे तीन चतुर्थांश भाग पाणी असते असे धरू. १०० किलोग्रॅम ओल्या हळदीत ७५ किलोग्रॅम पाणी व २५ किलोग्रॅम कोरडा भाग झाला. कोरड्या भागाचा विशिष्ट उष्मा सोयीसाठी ०.३ घेऊ. हळद ३० अंशांपासून १०० अंशांपर्यंत तापवावयाची आहे. हे आकडे हिशेबाच्या सोयीसाठी गोल केले आहेत, हे विद्यार्थ्यांस सांगावे.

हळदीतील पाण्यास : ७५ × १ × ७० = ५,२५० किलोकॅलरी
कोरड्या भागास : २५ × ०.३ × ७० = ५२५ किलोकॅलरी
एकूण हळदीस : ५,७७५ किलोकॅलरी

परंतु कढईत केवळ हळद नसते. कंद बुडण्यासाठी ६० लिटर पाणी घातले आणि लोखंडी कढई ५० किलोग्रॅमची असली तर :

वरच्या पाण्यास : ६० × १ × ७० = ४,२०० किलोकॅलरी
कढईस : ५० × ०.११ × ७० = ३८५ किलोकॅलरी
सर्व मिळून : १०,३६० किलोकॅलरी

कढई एवढी अवजड असूनही तिचा वाटा किती थोडा आणि पाण्याचा किती मोठा, इकडे वर्गाचे लक्ष वेधावे. मग सरपणाकडे यावे. एक किलोग्रॅम वाळलेल्या लाकडापासून सुमारे ३,५०० किलोकॅलरी उष्णता निघते. सारी उष्णता कढईस मिळाली असती तर तीन किलोग्रॅम लाकूड पुरले असते. प्रत्यक्षात कोणाही शेतकऱ्याचे काम तीन किलो लाकडात होत नाही, हे मुलांस पक्के ठाऊक असते. उघड्या चुलीतील उष्णतेचा सुमारे दशांशच भांड्यास मिळतो. उरलेली धुराबरोबर व वाऱ्यावर जाते. म्हणजे केवळ उकळी येईपर्यंतच ३० किलोग्रॅम लाकूड जळते. सूत्राने आलेले उत्तर व घरचा अनुभव यांत जो दसपट फरक पडला, तो सूत्राची चूक नसून चुलीची उधळपट्टी आहे. हिशेबाचा खरा लाभ हाच की, खर्च कोठे वाया जातो ते तो दाखवितो.

उकळी आल्यानंतरचा खर्च निराळाच आहे. तासभर उकळत असता दहा लिटर पाणी वाफ होऊन उडून गेले, तर १० × ५४० = ५,४०० किलोकॅलरी गेल्या. जवळजवळ तेवढ्याच उष्णतेत आणखी एक क्विंटल हळद उकळीस आली असती. उकळी आल्यावर जाळ कितीही वाढविला तरी पाण्याचे तापमान वाढत नाही, हळद लवकर शिजत नाही. फक्त वाफ अधिक होते. जुने शेतकरी कढईवर हळदीचा पाला व ओले गोणपाट का झाकीत, याचे मर्म येथे उलगडते. त्यांनी अप्रकट उष्म्याचे नाव ऐकले नसेल, पण तो उडून जाऊ देऊ नये हे त्यांस कळले होते. तसेच पहिल्या खेपेचे कढत पाणी न ओतता दुसऱ्या खेपेस वापरले तर वरचे ४,२०० किलोकॅलरी बहुतांशी वाचतात.

वाफेच्या कुकरचा हिशेबही करून दाखवावा. त्यात कंद पाण्यात बुडवीत नाहीत. बॉयलरमधील वाफ कंदांवर येऊन पाणी होते आणि होताना आपला अप्रकट उष्मा देते. हळद ५,७७५ व तेवढ्याच लोखंडाची टाकी ३८५ मिळून ६,१६० किलोकॅलरी लागल्या. त्यास ५४० ने भागिले असता सुमारे ११.४ किलोग्रॅम वाफ लागते. ३० अंशांच्या एक किलोग्रॅम पाण्याची वाफ करण्यास ७० + ५४० = ६१० किलोकॅलरी लागतात; म्हणून ११.४ किलोग्रॅमला सुमारे ६,९६० किलोकॅलरी झाल्या. कढईच्या पहिल्या खेपेच्या १०,३६० शी ही तुलना केली असता सुमारे एक तृतीयांश बचत दिसते. बॉयलरात शिल्लक राहणारे पाणी व नळ्यांतून निसटणारी वाफ या हिशेबात धरलेली नाही, हे सांगण्यास विसरू नये. अपुरा हिशेब पूर्ण म्हणून सांगणे हे विज्ञान नव्हे.

वाफेपासून सावधगिरी

हा भाग वगळू नये. हळदीच्या हंगामात पुष्कळ मुले आईवडिलांबरोबर शिजवणीच्या जागी असतात. उकळत्या पाण्याचा एक ग्रॅम थेंब कातडीवर पडून १०० वरून ३७ अंशांपर्यंत निवाला तर ६३ कॅलरी देतो. एक ग्रॅम वाफ मात्र प्रथम ५४० कॅलरी देऊन पाणी होते व नंतर ६३ देते. एकूण ६०३ कॅलरी, म्हणजे साडेनऊपट. पाणी व वाफ दोन्ही १०० अंशांचीच असून वाफेचा चटका भयंकर का, हे या एका वजाबाकी-बेरजेने कळते.

म्हणून मुलांनी वाफेच्या टाकीजवळ, नळीच्या तोंडापुढे वा झाकण उघडतेवेळी उभे राहू नये. बॉयलरची सुरक्षा झडप कोणी बांधून वा दाबून ठेवू नये. कोणी भाजलेच तर भाजलेला भाग वीस मिनिटे वाहत्या गार पाण्याखाली धरावा. बर्फ, तेल, हळद वा दंतमंजन लावू नये. स्वच्छ कापडाने झाकून त्यास दवाखान्यात न्यावे. गार पाणी का, हेही विद्यार्थी आता स्वतःच सांगू शकतील : उष्णता शोषून घेण्यात पाण्याची बरोबरी करणारा दुसरा पदार्थ घरात नाही.

जमीन, पाणी आणि हवा

याच तत्त्वाचा दुसरा दाखला भूगोलाशी जोडावा. उन्हाळ्यात दुपारी पूर्णा नदीवरील सिद्धेश्वर धरणाच्या काठी माती पायास भाजते, पण पाणी गार लागते. रात्री माती निवते, पाणी कोमट राहते. पाण्याचा मोठा विशिष्ट उष्मा हे याचे एक कारण होय; पाणी हलत असते, ऊन त्यात खोल जाते व त्याची वाफ होत असते, हीही कारणे आहेत. मुंबईस समुद्र असल्याने तेथे दिवस व रात्र यांच्या तापमानात फार अंतर पडत नाही. मराठवाड्यात मात्र उन्हाळ्याची दुपार व हिवाळ्याची पहाट दोन्ही कडक असतात.

कडाक्याच्या थंडीत केळीच्या बागेस रात्री पाणी द्यावे असा सल्ला शेतकऱ्यांस देतात. एक किलोग्रॅम कोरड्या मातीस एक अंश निवण्यासाठी ०.२ किलोकॅलरी गमवावी लागते. तीत पाव लिटर पाणी मुरले तर हा आकडा ०.४५ होतो. सारखीच उष्णता गमावूनही ओली माती निम्म्याहून कमी निवते, आणि पिकाच्या मुळांचे रक्षण होते.

विद्यार्थ्यांच्या नेहमीच्या चुका

१. तापमानातील फरकाऐवजी शेवटचे तापमान गुणणे. ३० पासून १०० पर्यंत तापविले तर ७० ने गुणावयाचे, १०० ने नव्हे.
२. ग्रॅम व किलोग्रॅम यांची सरमिसळ. वस्तुमान किलोग्रॅममध्ये घेतल्यास उत्तर किलोकॅलरीत येते, हे फळ्यावर ठळक लिहावे.
३. मिश्रणाचे तापमान नेहमी दोहोंची सरासरी असते असे मानणे. पदार्थ एकच व वस्तुमान समान असले तरच ते खरे आहे. वरील प्रयोगात ९८ व ३० ची सरासरी ६४ होते; प्रत्यक्षात ३६.५ आले.
४. उत्तर एककाशिवाय लिहिणे. एककाविना आकडा म्हणजे पत्त्याविना पत्र होय.

स्वाध्याय

१. १५ लिटर पाणी २० अंशांपासून ४० अंशांपर्यंत तापवावयाचे आहे. किती उष्णता लागेल? १,००० वॅटच्या विजेच्या सळईस किती वेळ लागेल? (३०० किलोकॅलरी, म्हणजे १,२५४ किलोज्यूल, सुमारे २१ मिनिटे. सळई चालू असता पाण्यास हात लावू नये.)
२. अर्धा किलोग्रॅमच्या तांब्याच्या भांड्यात एक किलोग्रॅम पाणी आहे. दोन्ही २५ पासून ७५ अंशांपर्यंत तापविण्यास किती उष्णता लागेल? (५२.२५ किलोकॅलरी)
३. दोन किलोग्रॅमचा लोखंडी तवा २३० वरून ३० अंशांपर्यंत निवाला. त्याने किती उष्णता दिली? (४४ किलोकॅलरी)
४. ८० अंशांचे १० लिटर व २० अंशांचे २० लिटर पाणी मिसळले. मिश्रणाचे तापमान किती? (४० अंश)
५. ९८ अंशांचा ३०० ग्रॅम धातू २८ अंशांच्या २०० ग्रॅम पाण्यात टाकला; मिश्रण ३६ अंश झाले. विशिष्ट उष्मा काढून कोष्टकावरून धातू ओळखा. (सुमारे ०.०८६, तांबे)
६. घरी वा शेजारी हळद शिजवितात तेथे ओली हळद, पाणी व सरपण यांची वजने मोठ्या माणसांकडून विचारून आणा व चुलीची उष्णता किती प्रमाणात उपयोगी पडली ते काढा. स्वतः कढईजवळ जाऊ नये.

सहावा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा आहे. त्याचे उत्तर मार्गदर्शिकेत सापडावयाचे नाही आणि दोन विद्यार्थ्यांची उत्तरे एक येणार नाहीत. वर्गात ती सर्व उत्तरे फळ्यावर मांडून कोणाच्या चुलीस सरपण कमी लागले व का लागले, याची चर्चा घडवून आणावी. ज्या विद्यार्थ्याची वही सुबक नसते, पण जो घरी हळदीच्या कामास हातभार लावतो, तो या चर्चेत पुढे असेल. त्याच्या अनुभवास वर्गात मान मिळणे हेही या पाठाचे एक फलित आहे.

औंढा नागनाथ परिसरात गुरुत्वीय लहरींचा वेध घेणाऱ्या लायगो-इंडिया वेधशाळेस केंद्र सरकारने एप्रिल २०२३ मध्ये मंजुरी दिली. मानवाने आजवर केलेल्या अतिशय सूक्ष्म मापनांपैकी ते एक मापन आहे. त्या वेधशाळेच्या शेजारी शिकणाऱ्या मुलांनी तापमापीचा अर्धा अंश काळजीने वाचावा, भांड्यास चिकटलेले दोन ग्रॅम पाणी हिशेबात धरावे आणि आलेले उत्तर न बदलता त्यामागील कारण शोधावे. मापनाची ही सचोटी ज्या वर्गात रुजली तेथे हा पाठ पूर्ण झाला असे समजावे.